ध चा मा : आनंदीबाई पेशवे यांच्याविषयी थोडेसे

(मंडळाच्या गणेशोत्सवात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)

॥ श्री गजानन प्रसन्न ॥



सर्वप्रथम एक खुलासा करतो. मी इतिहासाचा प्राध्यापक नाही. डिप्लोमा केला, रेल्वेत लागलो आणि आयुष्याची वीस-बावीस वर्षे डिझेल इंजिनांच्या खाली-वर करण्यात गेली. वाचनाची आवड लावली ती रात्रपाळीने. त्यामुळे आज जे सांगणार आहे ते एका हौशी वाचकाचे बोल आहेत. कमी-जास्त झाले तर सांभाळून घ्यावे ही विनंती.

आपल्या मुलांना शाळेत फ्रेंच राज्यक्रांती असते. इथे कन्नड माध्यम असो की इंग्रजी, नववी-दहावीच्या पुस्तकात ती येतेच. त्यात मारी आंत्वानेत नावाची एक राणी असते. "भाकरी मिळत नसेल तर केक खा" असे म्हणणारी, उधळी, निष्ठुर, आणि शेवटी गिलोटिनखाली जाणारी. मुलांना एवढेच लक्षात राहते, आणि खरे सांगायचे तर मोठ्यांनाही. पण त्याच काळात, अगदी त्याच वर्षांत, आपल्या पुण्यात एक बाई होती. तिच्याही नावाने लोक बोटे मोडत होते, तिचाही संसार सत्तेच्या उलथापालथीत उद्ध्वस्त झाला आणि तिच्याही नावाला एक वाक्य कायमचे चिकटले. राणी हा शब्द पेशव्यांच्या घरात वापरत नसत, पण सहा-सात महिने तरी ती पेशवीणबाई होती. आनंदीबाई, राघोबादादांची पत्नी. फ्रान्सची राणी १६ ऑक्टोबर १७९३ रोजी गेली. आनंदीबाई १७९४ च्या मार्चमध्ये. मध्ये पाच महिन्यांचे अंतर. दोघींनी एकमेकींचे नावही ऐकले नसेल.

विषय गणेशोत्सवात का घेतला असे कोणी विचारील. त्याचे कारण तिथीतच आहे. नारायणराव पेशव्यांचा खून झाला तो ३० ऑगस्ट १७७३ रोजी, सोमवारी दुपारी, भाद्रपद शुद्ध त्रयोदशीला. म्हणजे दुसऱ्या दिवशी अनंत चतुर्दशी. शनिवारवाड्यात गणपती बसलेला होता आणि उत्सव चालू होता. आपण या दिवसांत आरत्या म्हणतो, त्याच दिवसांत हे घडलेले आहे.

आता बाईंची थोडी ओळख. आनंदीबाई माहेरच्या ओक. कोकणात गुहागरजवळचे मळण हे त्यांचे गाव. १७५६ साली त्यांचे लग्न रघुनाथरावांशी झाले. रघुनाथराव म्हणजे थोरल्या बाजीरावांचे धाकटे चिरंजीव, नानासाहेब पेशव्यांचे भाऊ. त्यांची पहिली पत्नी जानकीबाई वारली होती. मुलगी वयाने लहानच असणार, त्या काळची रीतच तशी होती. कोकणातल्या साध्या घरातून ती एकदम हिंदुस्थानातल्या सर्वांत बलाढ्य घरात आली. आणि नवरा कोण, तर ज्याच्या मोहिमेत १७५८ साली मराठी फौज अटकेपर्यंत गेली तो राघोभरारी! पुण्यात त्या वेळी त्याच्याएवढा लोकांच्या गळ्यातला ताईत दुसरा कोणी नसेल. हे लक्षात ठेवा, पुढे त्याचा संबंध येणार आहे.

नाशिकला गंगापूर रोडवर आज आनंदवल्ली नावाचा भाग आहे, तो या बाईंच्या नावाचा. मूळ गावाचे नाव वेगळे होते. रघुनाथरावांनी तिथे गोदावरीकाठी वाडा बांधला आणि गावाला पत्नीचे नाव दिले. तिथेच नवश्या गणपतीचे देऊळ आहे. नाशिककर मंडळी इथे असतील त्यांनी दर्शन घेतलेच असेल. राघोबादादा आणि आनंदीबाई यांनी मुलासाठी या गणपतीला नवस केला, मुलगा झाला, त्याचे नाव विनायक ठेवले आणि नवस फेडायला देऊळ बांधले, अशी कथा तिथे सांगतात. ते मूल जगले नाही. १७६८ साली रघुनाथरावांनी अमृतराव यांना दत्तक घेतले, यावरून घरात तोपर्यंत काय दुःख होते ते कळते. जिला आपण सगळे कपटी म्हणून ओळखतो, तिच्याबद्दलचा हा तपशील आपल्याला कोणी शाळेत सांगत नाही.

भाऊबंदकीची सुरुवात पानिपतानंतर झाली. १७६१ च्या जूनमध्ये नानासाहेब गेले. वडील मुलगा विश्वासराव पानिपतावर पडलेला. दुसरा मुलगा माधवराव सोळा वर्षांचा, आणि सख्खा काका सव्वीस वर्षांचा, मोहिमा गाजवलेला. रघुनाथरावांना वाटले आता आपणच. पण वस्त्रे पुतण्याला मिळाली. पुढच्या अकरा वर्षांत काका-पुतण्यांत किती वेळा बिनसले आणि किती वेळा जुळले ते सांगत बसलो तर आरतीची वेळ टळेल. एवढे सांगतो, की १७६२ साली काकाने निजामाची मदत घेऊन आळेगावला पुतण्याचा पराभव केला आणि १७६८ साली पुतण्याने धोडप किल्ल्यापाशी काकाला पकडून शनिवारवाड्यात नजरकैदेत ठेवले. म्हणजे आनंदीबाईंनी तरुणपणाची कितीतरी वर्षे कैदेतल्या नवऱ्याची बायको म्हणून काढली. त्याच वाड्यात, सासरच्याच माणसांच्या पहाऱ्यात.

थोरली जाऊ गोपिकाबाई, म्हणजे माधवराव-नारायणरावांच्या मातोश्री. यांचे आणि आनंदीबाईंचे पटत नव्हते हे प्रसिद्ध आहे. दोन्ही जावांना आपापल्या माणसाची काळजी. पण आपल्याकडे दोन पुरुष भांडले की त्याला राजकारण म्हणतात आणि दोन बायका भांडल्या की त्याला भांडण म्हणतात.

१८ नोव्हेंबर १७७२ रोजी थेऊरला चिंतामणीच्या पायाशी माधवराव गेले. वय अवघे सत्तावीस. धाकटा नारायणराव सतरा वर्षांचा, त्याला पेशवाईची वस्त्रे मिळाली. स्वभावाने तापट, अनुभव कमी. १७७३ च्या एप्रिलमध्ये काकाला पुन्हा नजरकैद झाली. वाड्याच्या पहाऱ्यावर गारदी होते, म्हणजे पगारी शिपाई. त्यांचे पगार थकलेले. सुमेरसिंग, खरकसिंग, महंमद युसुफ हे त्यांचे पुढारी. आणि रघुनाथरावांचा खासगी चाकर तुळाजी पवार हा मधला दुवा.

त्रयोदशीच्या दिवशी सकाळी नारायणरावांना सूचना मिळाली होती, की काहीतरी शिजते आहे. रघूजी आंग्रे यांनी ती दिली असे सांगतात. नारायणरावांनी हरिपंत फडक्यांना बंदोबस्त करायला सांगितले आणि हरिपंत आधी कुठेतरी जेवायला गेले. मंडळी, हे वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून थोडा वेळ बसून राहिलो होतो. आमच्या खात्यातली माणसे ओळखतील. "जेवून आल्यावर बघतो" या तीन शब्दांनी जगात जेवढे नुकसान झाले असेल तेवढे शत्रूनेही केले नसेल.

दुपारी गारदी पगार मागत वाड्यात घुसले. नारायणराव धावत काकाच्या दालनात गेले आणि त्यांना मिठी मारली. "काका, मला वाचवा" हे शब्द प्रत्येक मराठी घरात माहीत आहेत. चापाजी टिळेकर नावाचा सेवक धन्याच्या अंगावर पालथा पडला, तोही कापला गेला. त्या दुपारी वाड्यात अकरा माणसे मेली. त्यांत दोन दासी होत्या. एक गायही मारली गेली. गणपतीच्या दिवसांत, पेशव्यांच्या वाड्यात.

आता येतो त्या प्रसिद्ध चिठ्ठीकडे. कथा आपल्याला पाठ आहे. रघुनाथरावांनी गारद्यांना "नारायणरावास धरावे" असे लिहून दिले आणि आनंदीबाईंनी वाटेत "ध"चा "मा" करून "मारावे" केले. एका अक्षराचा फरक आणि एका पेशव्याचा जीव. मराठीत तो वाक्प्रचारच झाला. कार्यालयात कोणी निरोप फिरवला तरी आपण म्हणतो, याने ध चा मा केला.

या चिठ्ठीकडे मी जरा माझ्या धंद्याच्या नजरेने बघतो. आमच्याकडे स्टेशनवर ट्रेन सिग्नल रजिस्टर असते. कुठली गाडी किती वाजता सुटली, पुढच्या स्टेशनने कधी घेतली, हे सगळे त्यात. या रजिस्टरचा नियम असा, की खोडरबर चालत नाही आणि अक्षरावर अक्षर गिरवणे चालत नाही. चुकले तर एक आडवी रेघ मारायची, शेजारी बरोबर लिहायचे आणि सही करायची. खालचे मूळ अक्षर दिसलेच पाहिजे. दोन स्टेशनमास्तर एकमेकांना गाडीची परवानगी देतात तेव्हा सोबत प्रायव्हेट नंबर देतात, म्हणजे निरोप कोणी दिला याबद्दल शंका नको. हे सगळे नियम कशासाठी? कारण एका अक्षराने गाडी गाडीवर जाऊ शकते.

आता त्या चिठ्ठीला हेच प्रश्न विचारू. पहिला प्रश्न, चिठ्ठी कुठे आहे? गेल्या शंभर-सव्वाशे वर्षांत राजवाडे, खरे, पारसनीस, सरदेसाई अशा मोठमोठ्या संशोधकांनी पेशवाईचे हजारो कागद शोधून छापले. ही चिठ्ठी काही माझ्या वाचनात आली नाही. दुसरा प्रश्न, बदल कसा केला? नुसता ध चा म करून भागत नाही, त्याला काना लागतो. धरावे आणि मारावे ही अक्षरे मोजून बघा. तेव्हा लिहिणे मोडीत होते. मोडीत ओळीची रेघ आधी ओढतात, मग अक्षरे एकाला एक जोडून, हात न उचलता लिहितात, दोन शब्दांत जागाही सोडत नाहीत. अशा सलग ओळीत अक्षर बदलून वर काना घुसवायचा, आणि वाचणाऱ्याला शंका येऊ द्यायची नाही? तिसरा प्रश्न, हे करताना कोणी पाहिले? साक्षीदाराचे नाव कथेत नाहीच.

ही गोष्ट जगभर पसरवली ती ग्रँट डफ या इंग्रज अधिकाऱ्याच्या मराठ्यांच्या इतिहासाने. ते पुस्तक १८२६ साली निघाले, म्हणजे घटनेनंतर त्रेपन्न वर्षांनी. त्याने चिठ्ठीतला फेरफार रामशास्त्र्यांच्या नावावर सांगितला, पण तो बाईंनी केला हे मात्र "सर्वांचा असा समज आहे" अशा थाटात लिहिले. समज आणि शाबिती यांत फरक असतो. त्यानंतर आपल्या नाटककारांनी ते रंगवले. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे "भाऊबंदकी" १९०९ साली आले. प्रभातचा "रामशास्त्री" १९४४ साली आला, त्यात आनंदीबाई ललिता पवारांनी केली. ललिता पवारांनी एकदा डोळा बारीक करून बघितले, की मग कुठला कागद आणि कुठला पुरावा! प्रेक्षकांनी निकाल तिथेच दिला.

आणि खरा निकाल काय होता? हे सर्वांत महत्त्वाचे आहे आणि तेच आपण विसरतो. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांनी कोणाच्याही दबावाला न जुमानता चौकशी केली. कटात जवळजवळ पन्नास माणसे गुंतलेली निघाली. आणि मुख्य दोषी कोण ठरला? रघुनाथराव. रामशास्त्र्यांनी त्यांना तोंडावर सांगितले, की या पापाला देहान्त प्रायश्चित्त आहे. आणि तुमच्या राज्यात पाणी पिणार नाही म्हणून ते वाईजवळ पांडववाडीला निघून गेले. रामशास्त्र्यांची ही गोष्ट आपण अभिमानाने मुलांना सांगतो आणि लगेच पुढच्या वाक्यात ध चा मा आनंदीबाईने केला असेही सांगतो. दोन्ही गोष्टी एकाच श्वासात! न्यायाधीशाने ज्याला दोषी ठरवले त्याला आपण अर्धा सोडला आणि शिक्षा बायकोला दिली.

नीट विचार केला तर "धरावे" हा हुकूमसुद्धा काय साधा होता? गादीवर बसलेल्या पेशव्याला त्याच्याच शिपायांकडून पकडायचे, तेही हातात नंग्या तलवारी असलेल्या, पगार थकलेल्या, चिडलेल्या शिपायांकडून. तो राजद्रोहच होता. पण अटकेपर्यंत फौज नेणारा राघोभरारी पुतण्याचा मारेकरी होता, हे लोकांच्या मनाला पचत नव्हते. मग एक अक्षर सापडले आणि ते बाईच्या हातात ठेवले गेले. हे माझे मत आहे. कोणाला पटेल, कोणाला नाही.

आमच्या मुलीला ही कथा सांगत होतो. ती इथेच वाढलेली, मराठी घरी बोलते पण वाचते कन्नड आणि इंग्रजी. ध आणि मा तिला पाटीवर काढून दाखवले. तिने दोन्ही अक्षरांकडे बघितले आणि विचारले, "पण बाबा, मारावे असे वाचल्यावर त्या शिपायांनी परत एकदा जाऊन विचारले नाही का?" आमच्या खात्यातला कोणताही पॉइंट्समन हाच प्रश्न विचारील.

आता फ्रान्सकडे एक चक्कर मारून येऊ. केकची गोष्ट. रूसो नावाच्या लेखकाने आपल्या आत्मचरित्रात "एका थोर राजकन्येने" असे म्हटल्याची आठवण लिहिली आहे, नाव न देता. तो ते लिहीत होता तेव्हा मारी आंत्वानेत फ्रान्समध्ये आलेलीही नव्हती. ती व्हिएन्नाच्या राजवाड्यात खेळणारी लहान मुलगी होती. तिचे लग्न झाले १७७० साली, चौदाव्या वर्षी, आणि नवरा राजा झाला १७७४ मध्ये, म्हणजे नारायणरावांच्या खुनानंतरच्या वर्षी. ती ऑस्ट्रियाची, परक्या शत्रुदेशाची. लोक तिला टोमण्याने "ती ऑस्ट्रियन" म्हणत.

तिच्याही नशिबात एक खोटा कागद होता, आणि तो मात्र खरोखर सापडला. १७८५ साली हिऱ्यांच्या हाराचे प्रकरण झाले. एका ठग बाईने राणीच्या नावाने पत्रे तयार करून एका बड्या धर्मगुरूला गंडवले आणि प्रचंड किमतीचा हार लांबवला. त्या पत्रांवर सही होती "मारी आंत्वानेत दे फ्रांस". फ्रान्सच्या राण्या सही करताना फक्त नाव लिहीत, देशाचे नाव लावत नसत. म्हणजे सही बघताच बनावट कळायला हवे होते. राणीचा यात काडीचाही संबंध नव्हता. तरी धर्मगुरू निर्दोष सुटला तेव्हा पॅरिसच्या लोकांनी जल्लोष केला आणि बदनाम झाली ती राणी. लोकांना आधीच जे वाटत असते त्याला पुरावा लागत नाही आणि विरोधी पुरावा चालत नाही.

पण तिला अगदी गरीब गायही समजू नका. क्रांती सुरू झाल्यावर तिने आपल्या माहेरी, ऑस्ट्रियाला, फ्रेंच फौजांच्या हालचाली गुपचूप कळवल्या. ते खरे आहे. तिला शिक्षा ज्या खटल्यात झाली त्यात मात्र खऱ्याबरोबर इतके घाणेरडे आरोप मिसळले होते, की आठ वर्षांच्या पोराकडून आईविरुद्ध वदवून घेण्यापर्यंत मजल गेली.

आनंदीबाईंचेही तसेच. त्या काही तुळशीवृंदावनापाशी बसून राहणाऱ्या नव्हत्या. लिहिता-वाचता येत होते, राजकारण कळत होते, पत्रव्यवहार करीत होत्या. नवऱ्याने पेशवा व्हावे असे त्यांना मनापासून वाटत होते, ते त्यांनी कधी लपवले नाही. कटाची काहीच कल्पना नव्हती असे मी छातीठोकपणे म्हणणार नाही. वाड्यात ज्या दालनांत हे शिजत होते, त्याच दालनांत त्या राहत होत्या. पण माहीत असणे वेगळे आणि हाताने करणे वेगळे.

खुनानंतर रघुनाथरावांना साताऱ्याहून वस्त्रे मिळाली आणि ते फौज घेऊन कर्नाटकाच्या बाजूला मोहिमेवर निघाले. इकडे पुण्यात जे झाले त्याला आपण बारभाईंचे कारस्थान म्हणतो. कारस्थान हा शब्द त्याला फार लहान आहे, ती एक क्रांतीच होती. सखारामबापू बोकील, नाना फडणीस, हरिपंत फडके, त्रिंबकराव पेठे अशी कारभारी मंडळी एक झाली. बाराच होते असे नाही, पण नाव तेच पडले. नारायणरावांची विधवा गंगाबाई गरोदर होती. १७७४ च्या जानेवारीत तिला पुरंदर किल्ल्यावर नेले आणि तिच्या नावाने राज्यकारभार सुरू केला. गादीवर बसलेला पेशवा मोहिमेवर असताना त्याचे राज्य काढून घेतले, आणि दिले कोणाला, तर न जन्मलेल्या मुलाला! १८ एप्रिल १७७४ रोजी मुलगा झाला. चाळीस दिवसांचा असताना तो पेशवा झाला, तो सवाई माधवराव. मुलगी झाली असती तर? या एका प्रश्नावर सगळी क्रांती टांगलेली होती. विरुद्ध पक्षाने मग कंड्या पिकवल्या, की गडावर आणखी गरोदर बायका आणून ठेवल्या होत्या, मूल बदलले, वगैरे. म्हणजे बिचारी गंगाबाईसुद्धा लोकांच्या जिभेतून सुटली नाही.

फ्रान्समध्ये १७८९ च्या ऑक्टोबरात पॅरिसच्या बायका भाकरीसाठी व्हर्सायवर चालून गेल्या. आपल्याकडे असे कोणी रस्त्यावर आले नाही. आपली क्रांती किल्ल्यावर, दप्तरात आणि खलबतखान्यात झाली. एका घराण्याच्या हातून कारभार कारभाऱ्यांच्या मंडळाकडे गेला आणि काही वर्षांत मंडळाकडून एकट्या नानांकडे आला.

रघुनाथरावांनी कासेगावला त्रिंबकराव पेठ्यांचा पराभव केला, पण पुण्यावर चालून जायचे धैर्य झाले नाही. ते उत्तरेकडे पळाले. आनंदीबाई गरोदर. त्यांना धारच्या किल्ल्यात पवारांच्या आश्रयाला ठेवून दादा पुढे गुजरातेत गेले. १० जानेवारी १७७५ रोजी धारला मुलगा झाला. नवस, दत्तक, कैद, खून, पळापळ, आणि इतक्या वर्षांनी हे मूल, तेही परक्या किल्ल्यात, बाहेर शत्रू आणि नवरा शेकडो मैल लांब. तो मुलगा म्हणजे दुसरा बाजीराव.

तिकडे दोनच महिन्यांनी, १७७५ च्या मार्चमध्ये, रघुनाथरावांनी सुरतेला इंग्रजांशी तह केला. साष्टी आणि वसई द्यायचे कबूल करून त्यांची फौज मागितली. हा सही-शिक्क्याचा कागद आहे, शोधायला लागत नाही. मराठी राज्याचे खरे नुकसान या कागदाने केले. यात कोणी ध चा मा केलेला नाही. पण त्या तहावरून मराठीत एखादा वाक्प्रचार झाला का? नाही झाला.

गारद्यांचे पुढे काय झाले ते आपल्या बेंगळूरकरांसाठी सांगतो. खरकसिंग आणि तुळाजी पवार पळून म्हैसूरच्या हैदरअलीच्या आश्रयाला आले होते. १७८० साली इंग्रजांविरुद्ध हैदर आणि पुणे एक झाले तेव्हा हैदरने त्यांना पुण्याच्या स्वाधीन केले. तिथे त्यांना हाल करून मारले. सात वर्षे नाना विसरले नव्हते.

आणखी एक योगायोग सांगितल्याशिवाय राहवत नाही. रघुनाथरावांनी आपली बाजू मांडायला एक वकील थेट इंग्लंडला पाठवला. हनुमंतराव नावाचा ब्राह्मण, सोबत एक पारशी गृहस्थ आणि त्यांचा मुलगा. १७८१ साली ते लंडनला होते. त्यांच्या सोवळ्या-ओवळ्याची, स्वयंपाकाची पंचाईत झाली तेव्हा एडमंड बर्क या खासदाराने त्यांना आपल्या गावच्या घरी नेले आणि बागेतल्या काचेच्या खोलीत त्यांची सोय केली. या बर्कनेच नऊ वर्षांनी, १७९० साली, फ्रेंच क्रांतीवर पुस्तक लिहिले आणि त्यात मारी आंत्वानेतची बाजू अशी काही मांडली, की सगळ्या युरोपात गाजली. आनंदीबाईंच्या घरच्या वकिलाला जेवूखाऊ घालणारा माणूस फ्रान्सच्या राणीसाठी अश्रू ढाळत होता. आनंदीबाईंसाठी मात्र कोणी बर्क मिळाला नाही.

१७८२ च्या सालबाईच्या तहाने इंग्रजांनी दादांचा पक्ष सोडला. दरमहा पंचवीस हजार रुपये घ्यायचे आणि गप्प बसायचे असे ठरले. दादा कोपरगावला गोदावरीकाठी येऊन राहिले आणि ११ डिसेंबर १७८३ रोजी वारले. आनंदीबाई पुन्हा गरोदर होत्या. पुढच्या मार्चमध्ये चिमाजीअप्पाचा जन्म झाला, बाप गेल्यावर.

त्यानंतरची दहा वर्षे हा बाईंच्या आयुष्यातला सर्वांत कमी बोलला गेलेला भाग. विधवा, पदरात लहान मुले, नानांचा चौकी-पहारा. कोण येते, कोण जाते, कोणाला पत्र जाते, यावर पुण्याचा डोळा. इथे मी नाना फडणिसांनाही दोष देणार नाही, त्यांच्या जागी कोणीही हेच केले असते. ज्या मुलांच्या नावाने उद्या बंड उभे राहू शकते त्यांना मोकळे कोण सोडील? आणि फ्रान्सशी तुलना केली तर नानांनी बाईला मारले नाही, मुलांना हालात ठेवले तरी जिवंत ठेवले. फ्रान्सच्या राणीचा मुलगा दहाव्या वर्षी तुरुंगात मेला.

शेवटी बाई कोपरगावाहून आनंदवल्लीला आल्या. त्याच गावात, ज्याला नवऱ्याने हौसेने त्यांचे नाव दिले होते, त्याच नवसाच्या गणपतीच्या शेजारी. थोडे पुढे गंगापूर, तिथे थोरली जाऊ गोपिकाबाई पुण्याशी फटकून येऊन राहिल्या होत्या. त्या १७८८ मध्ये वारल्या होत्या. एकीचा मुलगा मारला गेला, दुसरीचे मुलगे कैदेत वाढले, आणि दोघींनी अखेरचे दिवस एकाच नदीच्या काठी काढले. १७९४ च्या मार्चमध्ये आनंदीबाई गेल्या. त्याच वर्षी मुलांना तिथून हलवून जुन्नरला नेले.

पुढचे थोडक्यात. सवाई माधवराव १७९५ च्या ऑक्टोबरात शनिवारवाड्यात वरून पडून गेले, एकविसाव्या वर्षी, मूलबाळ नसताना. आता वंशात उरले कोण? आनंदीबाईंचे मुलगे. १७९६ च्या डिसेंबरात दुसरा बाजीराव पेशवा झाला. ज्यासाठी एवढे रामायण झाले ते सगळे आपोआप घरी चालत आले, आणि बघायला आई दोन वर्षे आधीच गेलेली. बाजीरावाने पुढे १८०२ साली वसईचा तह केला आणि १८१८ साली राज्य गेले. लोकांनी तेही आईच्या खात्यावर मांडले, "आनंदीबाईचाच मुलगा तो" म्हणून. बाप कोण होता हे पुन्हा एकदा कोणाला आठवले नाही.

आपल्यापैकी कोणी दिवाळीच्या सुट्टीत नाशिकला जाणार असेल तर आनंदवल्लीला जरूर उतरावे. गंगापूर रोडवर कोणीही रिक्षावाला नवश्या गणपतीला नेतो. देऊळ छान आहे, खाली गोदावरी आहे. येणारे लोक घंटा वाजवतात, नवस बोलतात. गावाचे नाव कोणावरून पडले हे त्यातल्या किती जणांच्या ध्यानात असते कोण जाणे.

समोरून कार्यकर्ते घड्याळ दाखवीत आहेत आणि मागच्या रांगेतली मंडळी आता फारच अस्वस्थ झाली आहेत. आरतीची वेळ झाली. कोणाला काही विचारायचे असेल तर प्रसाद घेताना मी इथेच आहे. 

गणपती बाप्पा मोरया!